वेळेचे भांडवल: चैतन्य ताम्हाणे यांची वाटचाल

'कोर्ट' (२०१४) आणि 'द डिसायपल' (२०२०) या दोन चित्रपटांनी चैतन्य ताम्हाणे हे नाव मराठी मुलखाच्या पलीकडे नेले. दोन्ही चित्रपट त्यांनी स्वतः लिहिले आणि स्वतः दिग्दर्शित केले. दोन्हींचे निर्माते एकच, विवेक गोम्बर. दोन्हींचा पहिला खेळ व्हेनिसच्या महोत्सवात झाला आणि दोन्ही तिथून पारितोषिके घेऊन परतले. एका चित्रपटापासून दुसऱ्यापर्यंत मात्र सहा वर्षे गेली. ताम्हाणे यांचे काम समजून घ्यायचे तर पडद्यावरच्या दोन तासांइतकेच या मधल्या वर्षांकडे पाहावे लागते. पडद्यावर जे सहज घडल्यासारखे वाटते, ते या वर्षांत शोधलेले, ऐकलेले, लिहिलेले आणि पुन्हा पुन्हा खोडलेले असते.

ताम्हाणे यांचा जन्म १ मार्च १९८७ रोजी मुंबईत झाला. विलेपार्ल्याच्या मिठीबाई महाविद्यालयात त्यांनी इंग्रजी साहित्याचा अभ्यास केला. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचा किंवा दुसऱ्या कोणत्याही चित्रपट-शाळेचा शिक्का त्यांच्यावर नाही. त्यांची उमेदवारी झाली ती हिंदी मालिकांच्या कारखान्यात. वयाच्या सतराव्या वर्षीच ते बालाजी टेलिफिल्म्समध्ये लेखनाचे काम करू लागले. दैनंदिन मालिकेत लेखकाला सगळे मिळते, वेळ तेवढा मिळत नाही. भाग रोज जायचा असतो, म्हणून प्रसंग आज लिहायचा, हाती पडेल तसा चित्रित करायचा आणि पुढच्या भागाकडे वळायचे. पात्राला विचार करायला उसंत नसते आणि लेखकालाही. ताम्हाणे यांनी पुढे जी पद्धत स्वीकारली ती या कारखान्याच्या नेमकी उलट आहे. हा योगायोग असेल असे वाटत नाही.

२००६ मध्ये, एकोणिसाव्या वर्षी, त्यांनी 'फोर स्टेप प्लॅन' हा माहितीपट केला. विषय होता भारतीय चित्रपटांतली उचलेगिरी. परदेशी चित्रपटांच्या कथा, प्रसंग आणि चाली आपल्याकडे कशा उचलल्या जातात, हा प्रश्न ज्या मुलाला त्या वयात पडतो, त्याने स्वतःसाठी एक अट घालून घेतलेली असते: उद्या आपण जे करू ते कुठून आले, हे आपल्याला सांगता आले पाहिजे.

त्यानंतर त्यांनी 'ग्रे एलिफंट्स इन डेन्मार्क' हे इंग्रजी नाटक लिहिले आणि दिग्दर्शित केले. लोकांच्या मनातले ओळखून दाखवणाऱ्या जादूगाराभोवती ते फिरते. नाटकाचे नाव एका जुन्या खेळावरून आले आहे. एक ते दहामधला कोणताही आकडा मनात धरायचा. त्याला नऊने गुणायचे. उत्तर दोन आकडी आले तर त्यातल्या अंकांची बेरीज करायची आणि तीतून पाच वजा करायचे. येणाऱ्या संख्येच्या क्रमांकाचे इंग्रजी अक्षर घ्यायचे, म्हणजे एकला ए, दोनला बी. त्या अक्षरावरून एका देशाचे नाव आठवायचे. देशाच्या नावातले दुसरे अक्षर घेऊन त्यावरून प्राणी, आणि मग त्या प्राण्याचा रंग. जादूगार विचारतो, डेन्मार्कमध्ये करडे हत्ती कुठून आले? सभागृहातले बहुतेक जण चकित होतात. खरे पाहता कुठलाही आकडा धरला तरी बेरीज नऊच येते, वजाबाकीनंतर चारच उरतात, चौथे अक्षर डी, आणि डीवरून चटकन आठवणारा देश एकच. आपण मोकळेपणी निवड केली असे प्रत्येकाला वाटते, पण वाट आधीच आखलेली असते.

ताम्हाणे यांच्या चित्रपटांकडे जाण्यासाठी हा खेळ ध्यानात ठेवण्यासारखा आहे. त्यांच्या दृश्यचौकटी रुंद आणि स्थिर असतात. प्रेक्षकाला वाटते, आपण हवे तिकडे पाहतो आहोत, आपल्याला कोणी ओढत नाही. चौकटीत कोण कुठे बसेल, मागून कोण कधी जाईल, हे मात्र फार काटेकोरपणे ठरलेले असते. दुसरे असे की त्यांची माणसेही अशाच आखलेल्या वाटांवरून चालतात. कुणाच्या पायाखाली कायद्याची वाट असते, कुणाच्या परंपरेची, आणि निवड आपलीच आहे असे प्रत्येक जण समजत असतो.

याच नाटकामुळे विवेक गोम्बर यांची गाठ पडली. ते त्यात काम करत होते. नाटकानंतर ताम्हाणे यांनी 'सिक्स स्ट्रँड्स' हा लघुपट केला. दार्जिलिंगच्या चहामळ्यात तयार होणाऱ्या एका दुर्मीळ चहाची ती गूढ गोष्ट आहे. लघुपट रॉटरडॅमसह काही परदेशी महोत्सवांत दाखवला गेला, पण त्यामुळे पुढचे दार उघडले नाही. पंचविशीच्या आतबाहेरचा, पैसे संपलेला आणि पुढे काय हे न सुचणारा लेखक अशी त्या काळात त्यांची अवस्था होती. गोम्बर यांनी त्यांना विचारले, तुला काय करायचे आहे? ताम्हाणे यांच्या डोक्यात कनिष्ठ न्यायालयावरचा एक विषय घोळत होता. तो लिहून काढण्यासाठी गोम्बर यांनी त्यांना दरमहा १५,००० रुपये देऊ केले. पटकथा झाली तेव्हा ती पडद्यावर आणण्याची जबाबदारीही त्यांनीच घेतली.

मराठी चित्रपटाच्या अलीकडच्या इतिहासात या पंधरा हजारांचे मोल मोठे आहे. स्वतंत्र चित्रपट म्हटले की चर्चा सहसा कॅमेऱ्याच्या भाड्यावर, प्रदर्शनाच्या खर्चावर आणि थिएटर मिळण्या-न मिळण्यावर येऊन थांबते. सुरुवातीचे, कुणालाच न दिसणारे काम, म्हणजे लिहिणे, त्यासाठी लागणारे महिने कुणीच मोजत नाही. लेखकाला बहुधा ते पदरमोड करून किंवा दुसरी नोकरी सांभाळून काढावे लागतात, आणि म्हणूनच बऱ्याच पटकथा अर्ध्या शिजलेल्या अवस्थेतच सेटवर जातात. इथे एका निर्मात्याने चित्रपटाच्याही आधी वेळ विकत घेतला. पटकथेच्या विकासासाठी रॉटरडॅम महोत्सवाच्या ह्यूबर्ट बाल्स फंडाचेही साहाय्य मिळाले. महोत्सवाच्या संस्थापकाच्या नावाने १९८८ पासून चालणारा हा निधी आशिया, आफ्रिका आणि लॅटिन अमेरिकेतल्या दिग्दर्शकांना, बहुधा त्यांच्या अगदी सुरुवातीच्या टप्प्यावर, हात देतो.

'कोर्ट'चे बीज एका साध्या अनुभवात आहे. प्रत्यक्ष न्यायालयात गेल्यावर ताम्हाणे यांना जाणवले ते तिथले नाट्यहीन वातावरण. हिंदी चित्रपटांतली गर्जना नाही, टेबलावर आपटलेला हातोडा नाही. आहे ती पंख्याची घरघर, फायलींची ने-आण, पुढची तारीख आणि बाकावर ताटकळणारी माणसे. याला दुसरी बाजू मिळाली ती सांस्कृतिक कार्यकर्त्यांवरच्या खटल्यांची. झारखंडचे कलावंत जितेन मरांडी यांना २०११ मध्ये खालच्या न्यायालयाने फाशीची शिक्षा सुनावली आणि त्याच वर्षी उच्च न्यायालयाने त्यांना निर्दोष ठरवले. महाराष्ट्रात कबीर कला मंचाच्या शाहिरांवरच्या कारवाया त्याच सुमारास चालू होत्या. अण्णाभाऊ साठे आणि अमर शेख यांच्यापासून चालत आलेली डफावरची शाहिरी आणि तिच्याकडे संशयाने पाहणारी यंत्रणा हा मराठी समाजाला अनोळखी विषय नाही. आनंद पटवर्धन यांच्या 'जय भीम कॉम्रेड' या माहितीपटाने तो सविस्तर मांडलेला होता. ताम्हाणे यांनी निवडलेली जागा वेगळी होती: खटला चालतो ती खोली, आणि ती चालवणारी माणसे खोलीबाहेर गेल्यावर कशी जगतात ते.

कथा थोडक्यात अशी. नारायण कांबळे हे उतारवयातले लोकशाहीर. मुलांच्या शिकवण्या घेतात आणि वस्त्यांमध्ये कार्यक्रम करतात. मंचावर गाणे चालू असतानाच पोलीस त्यांना घेऊन जातात. आरोप असा की गटारात उतरून मरावे असे सुचवणारे गाणे त्यांनी एका वस्तीत गायले आणि ते ऐकून वासुदेव पवार या सफाई कामगाराने मॅनहोलमध्ये जीव दिला. म्हणजे तेव्हाच्या भारतीय दंड संहितेचे कलम ३०६, आत्महत्येस प्रवृत्त करणे, शिक्षा दहा वर्षांपर्यंत. आरोप ऐकूनच हसू यावे असा आहे. चित्रपट मात्र त्याला हसत नाही. न्यायालय तो गांभीर्याने घेते, त्यावर साक्षी नोंदवते, तारखा देते, आणि माणूस तेवढा काळ आत राहतो. हा सगळा भार एकही मोठा आवाज न करता प्रेक्षकाच्या अंगावर येत जातो.

मराठी प्रेक्षकाला या खोलीतली भाषा फार जवळची वाटते. साक्षीदार मराठीत बोलतो, वकिलाला हिंदी किंवा इंग्रजी सोयीची पडते, आणि न्यायाधीश त्यातले हवे तेवढे उचलून टंकलेखकाला इंग्रजीत सांगतात. माणसाने चार वाक्यांत सांगितलेले दुःख नोंदीत एका ओळीचे होते. सरकारी वकील १८७६ चा नाट्यप्रयोग कायदा एका सुरात, श्वास न घेता वाचून दाखवतात. ब्रिटिशांनी नाटकांवर अंकुश ठेवण्यासाठी केलेला हा कायदा चित्रपट आला तेव्हा कागदावर जिवंत होता, काही वर्षांनी संसदेने तो रद्द केला. बिनबाह्यांचे कपडे घालून आलेल्या एका महिलेचे प्रकरण न्यायाधीश त्या दिवशी ऐकतच नाहीत, कारण तो पेहराव न्यायालयाच्या शिस्तीत बसत नाही. नियम पाळण्यात कुणी कमी पडत नाही, आणि चित्रपटाची भीषणता नेमकी इथे आहे.

मृत कामगाराच्या पत्नीची साक्ष हा चित्रपटाचा गाभा. नवरा कामाला कसा जायचा, हे ती सांगते. हातमोजे नाहीत, मास्क नाही. विषारी वायूने त्याचा एक डोळा गेलेला. झाकण उघडल्यावर तो आधी आत खडा टाकायचा आणि थांबायचा. झुरळ वर आले तर आत हवा आहे. नाही आले तर उतरण्यात धोका. दुर्गंधी सहन व्हावी म्हणून तो दारू पिऊनच उतरायचा. हे सगळे ती चढा आवाज न करता, विचारले तेवढेच सांगते. ही भूमिका केलेल्या बाई व्यावसायिक अभिनेत्री नव्हत्या. गटारसफाई करणाऱ्या नवऱ्याचा मृत्यू त्यांनी स्वतः सोसलेला होता, आणि साक्षीतला बराच भाग त्यांच्याच जगण्यातून आलेला आहे. २०१३ मध्ये हाताने मैला साफ करण्याच्या कामाला बंदी घालणारा नवा कायदा आला. मार्च २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने गटारात मरण पावलेल्यांच्या कुटुंबाला दहा लाख रुपये द्यावेत असा आदेश दिला. त्यानंतर सहाच महिन्यांत 'कोर्ट' पहिल्यांदा पडद्यावर आला. चित्रपटात या तपशिलांचा उल्लेख नाही. तो खडा आणि ते झुरळ पुरेसे होतात.

पात्रांची निवड करायला कित्येक महिने लागले. शेकडो माणसे पाहिली गेली आणि त्यातली बहुतेक कधी कॅमेऱ्यासमोर न आलेली. नारायण कांबळे यांच्या भूमिकेसाठी वीरा साथीदार सापडले. नागपूरचे, आंबेडकरी चळवळीत हयात घातलेले कार्यकर्ते, कवी आणि 'विद्रोही' या मासिकाचे संपादक. पोलिसांची पाळत आणि चौकशी त्यांना वाचून शिकायची नव्हती. शाहिराची गाणी संभाजी भगत यांची आहेत. सरकारी वकील नूतन यांच्या भूमिकेत रंगभूमीवरच्या गीतांजली कुलकर्णी, न्यायाधीश सदावर्ते प्रदीप जोशी, आणि बचावाचे वकील विनय व्होरा खुद्द गोम्बर. छायाचित्रण मृणाल देसाई यांचे आणि संकलन रिखव देसाई यांचे. नवखे कलाकार आणि लांब, न तोडलेली दृश्ये असे गणित असल्याने एकेका शॉटचे तीस-तीस टेक व्हायचे. चुकले तर पुन्हा पहिल्यापासून. मालिकेच्या सेटवर अशी चैन कुणी कल्पनेतही करणार नाही.

'कोर्ट'ची खरी कमाई म्हणजे न्यायालयाबाहेरचे भाग. सरकारी वकील लोकल पकडतात, डब्यातल्या बाईशी साडीबद्दल आणि तेलाबद्दल बोलतात, घरी येऊन स्वयंपाक करतात आणि सुटीच्या दिवशी कुटुंबासह परप्रांतीयांची खिल्ली उडवणाऱ्या नाटकाला जाऊन मनापासून टाळ्या वाजवतात. बचावाचे वकील सुखवस्तू गुजराती घरातले. सुपरमार्केटमधून वाइन आणि चीज घेतात, आईवडिलांच्या लग्नाच्या तगाद्याला तोंड देतात आणि एका संध्याकाळी एका जातसमूहाच्या भावना दुखावल्या म्हणून भर रस्त्यात त्यांच्या तोंडाला काळे फासले जाते. इतकी सहानुभूती आणि इतकी निर्दयता सरकारी वकिलांच्या एकाच पात्रात आणि तीही एकमेकींना न खोडता दाखवणे मराठी पडद्यावर क्वचित जमले आहे. त्या बाई दुष्ट नाहीत. आपल्या शेजारी राहणाऱ्या, डबा भरणाऱ्या, कामाला वक्तशीर असणाऱ्या बाई आहेत. उद्या सकाळी त्या एका म्हाताऱ्या माणसाला वीस वर्षे आत ठेवा म्हणतील, कारण फायलीत तसे आहे.

जामिनावर सुटलेल्या कांबळे यांना छापखान्यातून पुन्हा अटक होते, आणि या वेळी दहशतवादविरोधी कायद्याखाली. न्यायालयाला उन्हाळी सुटी लागते. खोलीतले दिवे एकेक करून मालवले जातात आणि पडदा काही क्षण काळा राहतो. प्रेक्षक उठू लागतात. चित्रपट मात्र पुढे सरकतो आणि न्यायाधीशांसोबत एका सहलीला जातो. आप्तेष्टांनी भरलेली बस, रिसॉर्ट, गप्पा. बोलायला उशीर झालेल्या एका मुलासाठी न्यायाधीश बोटात खडा घालण्याचे आणि नाव बदलण्याचे उपाय सुचवतात. दुपारी ते बाकावर डुलकी घेतात, मुले ओरडून त्यांना दचकवतात, ते एका मुलाला थोबाडीत देतात आणि पुन्हा डोळे मिटतात. या शेवटावर पुष्कळ वाद झाला. काहींना तो जास्तीचा वाटला. वस्तुतः सगळा चित्रपट याच बाकाकडे चाललेला होता.

सप्टेंबर २०१४ मध्ये व्हेनिसच्या ७१ व्या महोत्सवात 'कोर्ट'ला 'ओरिझोन्ती' विभागातले सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे पारितोषिक मिळाले. पदार्पणाच्या चित्रपटासाठी दिला जाणारा एक लाख डॉलरचा 'लायन ऑफ द फ्यूचर' पुरस्कारही त्यालाच मिळाला. ताम्हाणे तेव्हा सत्तावीस वर्षांचे होते. त्याच वर्षी मुंबईच्या महोत्सवात सर्वोत्कृष्ट चित्रपट आणि दिग्दर्शन, आणि पुढे ६२ व्या राष्ट्रीय पुरस्कारांत सुवर्णकमळ. 'श्यामची आई', 'श्वास', 'देऊळ' या परंपरेत ही एक भर. १७ एप्रिल २०१५ रोजी तो चित्रपटगृहांत आला आणि त्या वर्षी ऑस्करसाठी भारताची प्रवेशिका म्हणून निवडला गेला.

असे यश मिळाल्यावर हिंदीतून बोलावणे येते, मोठे नट आणि मोठे निर्माते भेटतात, आणि दुसरा चित्रपट वर्षभरात सुरू होतो. ताम्हाणे पुन्हा संशोधनाला बसले. विषय हिंदुस्तानी शास्त्रीय संगीत. या क्षेत्रात ते घरचे नव्हते. मैफली ऐकणे, गायकांना, संग्राहकांना, वाद्य बनवणाऱ्यांना भेटणे, आठवणी आणि आख्यायिका गोळा करणे यात दोनेक वर्षे गेली. याच काळात, २०१६-१७ साठी, रोलेक्सच्या गुरु-शिष्य उपक्रमात मेक्सिकोचे दिग्दर्शक अल्फोन्सो कुआरोन यांनी त्यांची निवड केली. कुआरोन तेव्हा 'रोमा' करत होते आणि ताम्हाणे यांना त्या चित्रपटाचे चित्रीकरण मेक्सिको सिटीत जवळून पाहता आले. स्वतःच्या बालपणातले घर, मोलकरीण, रस्ता, त्यावरून जाणारी मिरवणूक एवढ्याच ऐवजातून एक जगड्व्याळ चित्रपट कसा उभा राहतो, हे त्यांना सेटवर उभे राहून दिसले. पुढे कुआरोन 'द डिसायपल'चे कार्यकारी निर्माते झाले. गुरू आणि शिष्य याच विषयावर लिहीत असताना लेखकाला स्वतःला असा गुरू लाभला, ही या चित्रपटाच्या जन्मकथेतली सुंदर गोष्ट आहे.

'द डिसायपल'चा नायक शरद नेरुळकर. चित्रपट सुरू होतो मैफलीत. गुरुजी गात आहेत, मागे शरद तानपुरा घेऊन बसला आहे आणि कॅमेरा अगदी हळू त्याच्याकडे सरकतो. कानाने तो प्रत्येक जागा टिपतो आहे आणि चेहऱ्यावर अशी भक्ती आहे की पाहणाऱ्याला त्याची काळजी वाटावी. वडील गायक होऊ न शकलेले, संगीतावर पुस्तक लिहिणारे, आणि मुलाला लहानपणापासून रियाजाला बसवणारे. शरद जुन्या ध्वनिमुद्रणांचे रूपांतर करून त्यांच्या सीडी विकतो, आजारी गुरुजींची सेवा करतो, त्यांच्या औषधपाण्याचे पाहतो. स्पर्धेत त्याचा नंबर येत नाही. घरचे लग्नाचे, नोकरीचे विचारतात.

त्याच्या आयुष्यातला सर्वांत मोठा आवाज माईंचा आहे. माई म्हणजे गुरुजींच्याही गुरू. त्या मैफलीत गात नसत आणि आपले गाणे मुद्रित होऊ देत नसत. मागे राहिली ती त्यांची काही व्याख्याने, टेपवर. ती ऐकत शरद रात्री उशिरा मोटारसायकलवरून फिरतो. हे प्रसंग विलंबित गतीत घेतले आहेत. रिकामा पूल, सोडियम दिव्यांचा पिवळसर उजेड, मागे तानपुऱ्याचा आस, आणि कानात एक वृद्ध, ठाम बाई सांगते आहे की या वाटेला यायचे तर उपाशी आणि एकटे राहण्याची तयारी हवी. शरदला त्या शब्दांत आधार मिळतो. प्रेक्षकाला हळूहळू त्यातले ओझे जाणवू लागते. माईंचा आवाज दिला आहे सुमित्रा भावे यांनी, 'दोघी', 'अस्तु' आणि 'कासव'च्या दिग्दर्शिकेने. पडद्यावर एकदाही न येता या चित्रपटावर सर्वांत मोठी सावली त्यांच्या आवाजाची आहे.

गाण्याच्या बाबतीत ताम्हाणे यांनी तडजोड केली नाही. शरदची भूमिका आदित्य मोडक यांनी केली, ते स्वतः गायक. गुरुजी झाले अरुण द्रविड. मोगूबाई कुर्डीकर आणि किशोरी आमोणकर यांच्याकडे तालीम घेतलेले जयपूर-अत्रौलीचे गायक आणि पेशाने अभियंता. संगीताची आखणी तबलावादक अनीश प्रधान यांची. खोटे ओठ हलवणारा नट इथे चालला नसता, कारण चित्रपटाचा सगळा प्रश्न शरदच्या गळ्यात आहे: तो चांगला गातो, पण पुरेसे चांगले नाही. गाण्यातली ही बारीक उणीव ऐकू येईल अशी दाखवणे भयंकर अवघड. बेसूर गायला लावले तर ते ढोबळ झाले असते. शरद सुरात असतो, तालीम दिसते, मेहनत दिसते, आणि जे यायला हवे ते येत नाही. ज्याने कधी बैठकीत बसून ऐकले आहे त्याला हे नेमके कळते. मधली वर्षे दाखवण्यासाठी मोडक यांनी वजन वाढवले. छायाचित्रण पोलंडच्या मिखाऊ सोबोचिन्स्की यांचे, संकलन मात्र या वेळी ताम्हाणे यांनी स्वतःच केले.

'कोर्ट'मध्ये नियम बाहेरून लादलेले होते. 'द डिसायपल'मध्ये माणसाने ते स्वतःहून अंगावर घेतले आहेत, म्हणून त्यांची पकड अधिक घट्ट आहे. एका संग्राहकाबरोबरच्या भेटीचा प्रसंग या दृष्टीने पाहण्यासारखा आहे. त्याच्याकडे दुर्मीळ ध्वनिमुद्रणे आहेत, भल्याभल्यांच्या खासगी गोष्टी आहेत आणि त्या तो मिटक्या मारत सांगतो. बोलता बोलता तो माईंबद्दलही बोलतो, आणि जे बोलतो ते शरदच्या देव्हाऱ्याला तडा देणारे आहे. शरद हातातला ग्लास त्याच्या तोंडावर रिकामा करतो. खरे काय होते हे चित्रपट सांगत नाही. पुढे शरद शाळेत संगीत शिकवू लागतो, आणि एक विद्यार्थी फ्यूजन बँडमध्ये गाऊ का म्हणून विचारतो, तेव्हा त्याच्या तोंडून जे कडवट शब्द येतात ते त्याचे स्वतःचे नसतात. परंपरा अशीही पुढे जाते.

या चित्रपटावर एक आक्षेप घेतला गेला की संगीताचा आनंद त्यात कमी आणि यातना जास्त आहेत. आक्षेप अगदी चुकीचा नाही. गाणाऱ्यांच्या घरात हसणे, खाणे आणि थट्टा भरपूर असते, आणि तेवढे या चित्रपटात नाही. तरीही जो शिष्य गायक होऊ शकला नाही त्याच्या बाजूने एवढ्या आदराने कुणी पाहिले नव्हते. मराठी घराघरांत असे शरद आहेत.

सप्टेंबर २०२० मध्ये, जगभर महोत्सव बंद पडत असताना, व्हेनिसचा ७७ वा महोत्सव प्रत्यक्ष भरला. 'द डिसायपल' मुख्य स्पर्धेत होता. २००१ मधल्या मीरा नायर यांच्या 'मान्सून वेडिंग'नंतर या स्पर्धेत आलेला हा पहिला भारतीय चित्रपट. केट ब्लँचेट यांच्या अध्यक्षतेखालच्या परीक्षक मंडळाने त्याला सर्वोत्कृष्ट पटकथेचा पुरस्कार दिला आणि आंतरराष्ट्रीय समीक्षक संघटनेनेही त्याची निवड केली. पुरस्कार पटकथेला मिळावा हे उचित झाले. दरमहा पंधरा हजारांवर लिहायला बसलेल्या माणसाच्या लेखनाची ती पावती होती.

भारतात चित्रपटगृहे कधी उघडतील, कधी बंद होतील याचा भरवसा नव्हता. चित्रपट ३० एप्रिल २०२१ रोजी नेटफ्लिक्सवर आला. करोनाची दुसरी लाट तेव्हा महाराष्ट्रात शिगेला होती. १३ एप्रिलला वीरा साथीदार नागपुरात करोनाने गेले. १९ एप्रिलला पुण्यात सुमित्रा भावे गेल्या. माईंचा आवाज घरोघरी पोहोचला तो त्यानंतर अकरा दिवसांनी.

'द डिसायपल'चा शेवट मुंबईच्या लोकलमध्ये होतो. गाणे थांबवलेला शरद आता जुनी ध्वनिमुद्रणे प्रकाशित करणारी कंपनी चालवतो. बायको आणि लहान मुलगी सोबत आहेत. डब्यात एक फिरता गायक वाद्य छेडत येतो. गाणे साधे, आवाज खडा आणि मोकळा. तो गात गात बाकांमधून पुढे सरकतो, कुणी नाणे देते, कुणी खिडकीबाहेर पाहते. शरद ऐकतो, त्याचा चेहरा क्षणभर बदलतो आणि मग तो नजर वळवतो. ज्या आठवड्यात मुंबईकरांनी हे दृश्य घरात बसून, मोबाइलवर आणि टीव्हीवर पाहिले, त्या आठवड्यात शहरातल्या लोकल सर्वसामान्य प्रवाशांसाठी बंद होत्या.